अकरा महिन्यांचे मंत्रिमंडळ आणि आपल्या मुलांचा दाखला

[वर्षावासानिमित्त बुद्धविहारात नवदीक्षित कुटुंबांपुढे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर]



गेल्या पौर्णिमेस वंदना आटोपल्यावर एक भगिनी माझ्याजवळ आल्या. त्यांच्या घरी नुकतीच धम्मदीक्षा झाली आहे. त्यांनी विचारले, "दादा, आम्ही बौद्ध झालो, त्याचा आनंद आहे. पण मुलाच्या कागदावर बौद्ध लिहिले तर त्याची शिष्यवृत्ती जाईल, असे शेजारी सांगतात. मग लिहावे, की झाकून ठेवावे?"

मी त्यांना तिथल्या तिथे उत्तर दिले की, लिहावे, उजळ माथ्याने लिहावे. शिष्यवृत्ती जात नाही. परंतु नुसत्या एवढ्या उत्तराने त्यांचे समाधान झाले नाही, आणि होऊही नये. कारण शेजाऱ्यांची भीती निराधार नव्हती. एके काळी ती अक्षरशः खरी होती. चौतीस वर्षे ती खरी होती. ती खोटी कोणी केली, कशी केली, आणि ज्या मंत्रिमंडळाच्या हातून ते झाले ते स्वतः वर्षभरसुद्धा कसे टिकले नाही, ही हकीकत आज आपणांपुढे ठेवावयाची आहे. आपल्या घराशी या हकीकतीचा संबंध किती निकटचा आहे, हे ती ऐकता ऐकता आपल्या ध्यानात येईल.

प्रथम हक्क गेला कसा ते पाहू. आपल्या संविधानाच्या ३४१ व्या अनुच्छेदाप्रमाणे अनुसूचित जातींची यादी राष्ट्रपतींच्या आदेशाने ठरते. तो आदेश १० ऑगस्ट १९५० रोजी निघाला. त्याच्या तिसऱ्या परिच्छेदात अशी अट घालण्यात आली की, हिंदू धर्माहून वेगळा धर्म मानणाऱ्या व्यक्तीस अनुसूचित जातीची समजण्यात येणार नाही. पंजाबातील काही शीख जातींना तेवढा अपवाद होता. सप्टेंबर १९५६ मध्ये संसदेने कायदा करून त्या परिच्छेदात "हिंदू किंवा शीख" असे शब्द घातले. आता तारखा पाहा. सप्टेंबरात ही दुरुस्ती झाली आणि १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला परमपूज्य बाबासाहेबांनी लाखो अनुयायांसह बुद्धाला शरण जाण्याची प्रतिज्ञा घेतली. दार थोडे उघडले होते ते एका धर्मापुरते. आणि त्याच महिन्याच्या आसपास आपले लोक दुसऱ्या दाराने बाहेर पडत होते. तेथे कायद्याने कुलूप लावलेलेच होते.

याचा अर्थ काय झाला? दीक्षेच्या आदल्या दिवशी ज्या मुलाला महार म्हणून विहिरीवर पाणी भरू देत नसत, त्याला दीक्षेच्या दुसऱ्या दिवशीही पाणी भरू देत नव्हते. पण सरकारदरबारी मात्र तो आता अस्पृश्य उरला नव्हता. गावाच्या लेखी तो महारच, कायद्याच्या लेखी कोणीच नाही! धर्मांतराची अशी किंमत आपल्या आजोबांनी आणि पणजोबांनी मोजली आहे. यशवंतराव चव्हाणांच्या सरकारने १९६० साली महाराष्ट्रापुरत्या सवलती बौद्धांना दिल्या, हे कृतज्ञतेने नमूद केले पाहिजे. त्यामुळे कित्येक मुले शिकली. परंतु राज्य सरकारचा ठराव राज्याच्या सीमेपर्यंतच चालतो. टपाल खाते, रेल्वे, केंद्रीय सेवा, संसद आणि विधानसभा यांतील राखीव जागा, ही सर्व दारे बंदच राहिली. १९६२ साली नागपूरच्या एका राखीव मतदारसंघातून डॉ. मेश्राम विधानसभेवर निवडून आले. त्यांनी बौद्ध धर्म स्वीकारला होता म्हणून त्यांच्या निवडीस आव्हान देण्यात आले आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. ज्याने धर्म बदलल्याचे उघडपणे जाहीर केले आहे त्याला हिंदू समजता येत नाही, असे न्यायालयाने ठरविले व निवड रद्द झाली. न्यायालयाला दोष देण्यात अर्थ नाही. कायद्याचे शब्दच तसे होते. उघडपणे जाहीर करणे हाच तेथे अपराध ठरला होता. आणि म्हणूनच आपल्यापैकी कित्येकांनी मनात बुद्ध आणि कागदावर हिंदू अशी दुहेरी वहिवाट पत्करली. त्यांना भेकड म्हणणे सोपे आहे. त्यांच्या घरातली चूल पाहिली असती तर कोणी तसे म्हटले नसते.

मात्र समाज गप्प बसला नव्हता. कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली रिपब्लिकन पक्षाने १ ऑक्टोबर १९६४ रोजी पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांना मागण्यांची सनद सादर केली, आणि ६ डिसेंबर १९६४ पासून देशभर सत्याग्रह झाला. भूमिहीनांना जमीन, धान्याचे रास्त वाटप अशा पोटाच्या मागण्या त्या सनदेत होत्याच. पण आजच्या विषयाशी संबंध असणाऱ्या दोन मागण्या तेवढ्या लक्षात ठेवा. एक, संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात बाबासाहेबांचे तैलचित्र लावावे. दुसरी, बौद्ध झालेल्या अनुसूचित जातींना त्यांच्या सर्व सवलती मिळाव्यात. या मागण्यांसाठी आपल्या माता लेकरे कडेवर घेऊन तुरुंगात गेल्या. दादासाहेब १९७१ साली निवर्तले. मागण्या तशाच राहिल्या. सरकारे आली, गेली. त्यांतील काही पुरी पाच वर्षे टिकली, बहुमत तर एवढे की संविधानही दुरुस्त करावे. परंतु एका परिच्छेदात एक शब्द घालण्यास त्यांना सवड झाली नाही.

आता त्या मंत्रिमंडळाकडे वळू.

नोव्हेंबर १९८९ च्या लोकसभा निवडणुकीत काँग्रेसला १९७, जनता दलाला १४३ आणि भारतीय जनता पक्षाला ८५ जागा मिळाल्या. कोणालाच बहुमत नव्हते. राजीव गांधींनी सरकार बनविण्याचा दावा केला नाही. तेव्हा जनता दल ज्या राष्ट्रीय आघाडीत होते तिने सरकार बनवावे आणि एका बाजूने भाजप व दुसऱ्या बाजूने डाव्या पक्षांनी त्यास बाहेरून पाठिंबा द्यावा, असे ठरले. हे दोन टेकू एकमेकांकडे पाहावयासही तयार नव्हते. घराचा एक वासा पूर्वेला ओढतो, दुसरा पश्चिमेला, आणि छप्पर मधे आहे एवढ्यावर समाधान मानावयाचे, अशी ती रचना होती.

त्यातही नेता निवडण्याचा प्रसंग विलक्षण घडला. १ डिसेंबर १९८९ रोजी संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात पक्षाचे खासदार जमले. विश्वनाथ प्रताप सिंहांनी उठून हरियाणाचे देवीलाल यांचे नाव सुचविले. चंद्रशेखरांनी त्यास दुजोरा दिला. देवीलाल एकमताने निवडले गेले. मग देवीलाल उठले आणि म्हणाले की, हा मान आपणांस नको, तो विश्वनाथ प्रताप सिंहांनाच द्यावा. आधीच ठरवून ठेवलेला हा डाव चंद्रशेखरांना ठाऊक नव्हता. ते संतापून निघून गेले. दुसऱ्या दिवशी, २ डिसेंबर रोजी, शपथविधी झाला. ज्या मंत्रिमंडळाचा पाळणा अशा रीतीने हलविला गेला, त्याचे आयुष्य किती, हे सांगण्यास ज्योतिषाची गरज नव्हती. आणि आपण तर ज्योतिष मानीतही नाही.

मंत्री मात्र जाणण्यासारखे होते. अर्थखाते आपल्या कोकणातील राजापूरचे खासदार मधू दंडवते यांच्याकडे गेले, आणि श्रम व कल्याण खाते बिहारचे रामविलास पासवान यांच्याकडे. अनुसूचित जातींचा कारभार पासवानांच्या खात्याकडे होता, आणि ते स्वतः त्या समाजातले होते. खुर्चीवर कोण बसतो यास महत्त्व नाही असे जे आपणांस सांगतात, त्यांनी हे वर्ष अभ्यासावे.

त्या वर्षी काय काय झाले ते पाहा. राखीव जागांची मुदत संपत आली होती. ती बासष्टाव्या घटनादुरुस्तीने आणखी दहा वर्षे वाढली. आदल्या सरकारने केलेला अत्याचार प्रतिबंधक कायदा ३० जानेवारी १९९० पासून अमलात आला. पासष्टाव्या घटनादुरुस्तीने अनुसूचित जाती आणि जमातींसाठी राष्ट्रीय आयोगाची तरतूद संविधानात झाली. एप्रिल महिन्यात संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात बाबासाहेबांच्या तैलचित्राचे अनावरण झाले. चार महिन्यांपूर्वी जेथे पंतप्रधानपदाचा डाव खेळला गेला, तेच हे सभागृह. १९६४ च्या सनदेतील पहिली मागणी सव्वीस वर्षांनी पुरी झाली. १४ एप्रिल १९९० रोजी बाबासाहेबांची भारतरत्न पदवी माईसाहेबांनी राष्ट्रपती भवनात स्वीकारली. तेव्हापासून १४ एप्रिल १९९१ पर्यंतचे वर्ष सामाजिक न्यायाचे वर्ष म्हणून पाळण्यात आले.

तैलचित्राने आणि पदवीने डोळे भरून येतात; पण आपल्या त्या भगिनीच्या प्रश्नाचे उत्तर त्यांत नाही. ते ३ जून १९९० च्या कायद्यात आहे. १९९० चा पंधरावा कायदा, अनुसूचित जाती आदेश दुरुस्ती कायदा, असे त्याचे नाव. तो इतका लहान आहे की वर्तमानपत्रांनी त्यास कोपऱ्यात जागा दिली असल्यास आश्चर्य नाही. "हिंदू किंवा शीख धर्म" या शब्दांच्या जागी "हिंदू, शीख किंवा बौद्ध धर्म" असे शब्द त्याने घातले. एक शब्द वाढला आणि चौतीस वर्षांचे कुलूप निघाले. महाराष्ट्रापुरते नव्हे, साऱ्या देशापुरते. शाळेपुरते नव्हे, केंद्रीय नोकरीपासून लोकसभेच्या राखीव जागेपर्यंत.

त्यानंतर दोनच महिन्यांत मंत्रिमंडळास घरघर लागली. देवीलालांच्या चिरंजीवांना हरियाणाच्या मुख्यमंत्रिपदी पुन्हा बसविण्यावरून कलह विकोपाला गेला आणि १ ऑगस्ट रोजी उपपंतप्रधान देवीलाल यांना मंत्रिमंडळातून काढण्यात आले. ७ ऑगस्ट रोजी पंतप्रधानांनी संसदेत जाहीर केले की, मंडल आयोगाच्या शिफारशीप्रमाणे इतर मागासवर्गीयांना केंद्र सरकारच्या नोकऱ्यांत २७ टक्के जागा राखण्यात येतील. देवीलालांना शह देण्यासाठीच हे केले, असे टीकाकार म्हणाले. असेलही. राजकारणात हेतू शुद्ध सोन्याचे क्वचितच असतात. पण या प्रश्नाचा उगम कोठे आहे ते आपण विसरता कामा नये. मागासवर्गीयांसाठी संविधानाच्या ३४० व्या अनुच्छेदाने आयोग नेमावयाचा होता. तो सरकारने नेमला नाही, याबद्दलची तक्रार बाबासाहेबांनी १९५१ साली मंत्रिपदाचा राजीनामा देताना केलेल्या निवेदनात आहे. हिंदू कोड बिलाचा उल्लेख सर्वजण करतात. हा उल्लेख फारसे कोणी करीत नाहीत. पहिला आयोग कालेलकरांचा, त्याचा अहवाल १९५५ साली आला व बासनात गेला. दुसरा मंडल यांचा, त्याचा अहवाल १९८० च्या अखेरीस आला आणि त्याच्या शेजारी जाऊन बसला. ते बासन १९९० साली सोडण्यात आले.

पुढचे आपल्यापैकी वडीलधाऱ्यांना आठवत असेल. उत्तरेतील शहरे पेटली. विद्यार्थ्यांनी स्वतःस जाळून घेतले. त्या कोवळ्या मृत्यूंची थट्टा कोणी करू नये, पण ज्यांनी त्यांना चिथावले त्यांची गय करण्याचेही कारण नाही. १ ऑक्टोबर रोजी सर्वोच्च न्यायालयाने अंमलबजावणीस स्थगिती दिली. तिकडे २५ सप्टेंबर रोजी सोमनाथहून लालकृष्ण अडवाणींची रथयात्रा अयोध्येकडे निघाली होती. २३ ऑक्टोबर रोजी बिहारात समस्तीपूरला तिला अडवून अडवाणींना अटक झाली, आणि त्याच दिवशी भाजपने पाठिंबा काढला. पूर्वेचा वासा निघाला. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात चंद्रशेखर आपले गाठोडे घेऊन बाहेर पडले. वर्षभरापूर्वीचा तो डाव ते विसरले नव्हते. ७ नोव्हेंबर १९९० रोजी लोकसभेत विश्वासदर्शक ठराव मतास टाकला गेला. बाजूने १४२, विरुद्ध ३४६. तीनशे चाळीस दिवसांचे मंत्रिमंडळ कोसळले. १० नोव्हेंबरला काँग्रेसच्या बाहेरून मिळालेल्या पाठिंब्यावर चंद्रशेखर पंतप्रधान झाले. आणि ६ मार्च १९९१ रोजी त्यांनीही राजीनामा दिला.

ज्यांचे मंत्रिमंडळ पडले त्यांचे दुःख त्यांच्यापाशी. आपणांपुढचा प्रश्न असा की, मंत्रिमंडळ पडले तेव्हा आपला हक्क त्याच्याबरोबर का पडला नाही?

येथे थोडे सावकाश समजून घ्यावे लागेल. सरकार देते ते सर्व एकाच जातीचे नसते. यशवंतरावांनी दिले ते राज्याच्या ठरावाने दिले. मंडलचे जे झाले ते १३ ऑगस्ट १९९० च्या कार्यालयीन आदेशाने झाले. मंत्रिमंडळाच्या सहीचा कागद तो, म्हणून लगेच न्यायालयात अडकला, आणि १६ नोव्हेंबर १९९२ रोजी न्यायालयाने तो मुख्यत्वे उचलून धरीपर्यंत दोन वर्षे अधांतरी राहिला. बौद्धांची गोष्ट निराळी. ३४१ व्या अनुच्छेदाचा दुसरा खंड सांगतो की, एकदा निघालेली यादी बदलावयाची तर ती संसदेच्या कायद्यानेच बदलते. हाच खंड चौतीस वर्षे आपल्या वाटेतला धोंडा होता, कारण कोणा मंत्र्याच्या मर्जीने आपले काम होण्यासारखे नव्हते. आणि तोच खंड आता आपली भिंत झाला आहे, कारण कोणा मंत्र्याच्या मर्जीने आपला हक्क जाण्यासारखाही नाही. ३ जून १९९० नंतर किती मंत्रिमंडळे आली, किती गेली. तो एक शब्द तिसऱ्या परिच्छेदात जागच्या जागी आहे. घटना लिहिताना बाबासाहेबांनी हे काम संसदेकडे का सोपविले असेल याचा विचार घरी गेल्यावर करा.

परंतु भिंत आहे म्हणून झोपावे असेही नाही. त्या कायद्याने आपणांस जे दिले ते ख्रिस्ती आणि मुसलमान झालेल्या दलितांना दिलेले नाही. रंगनाथ मिश्र आयोगाने २००७ साली त्यांच्या बाजूने शिफारस केली. ऑक्टोबर २०२२ मध्ये माजी सरन्यायाधीश बालकृष्णन यांच्या अध्यक्षतेखाली पुन्हा आयोग नेमण्यात आला. धर्म बदलल्याने गावाची नजर बदलत नाही, हे ज्यांनी चौतीस वर्षे सोसले त्यांनी तरी या बांधवांच्या मागणीकडे पाठ फिरवू नये. गुजरातमध्ये उना प्रकरणातील मारहाण झालेल्या कुटुंबाने एप्रिल २०१८ मध्ये बौद्ध धम्म स्वीकारला. त्याच राज्याच्या गृहखात्याने एप्रिल २०२४ मध्ये परिपत्रक काढून बजावले की, हिंदू धर्मातून बौद्ध धर्मात जाण्यासही जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागेल. बुद्धाला शरण जाण्यासाठी कचेरीची पायरी! तेव्हा एका कायद्याने दिलेल्यावर दुसऱ्या कायद्याने कुंपण घालता येते, हे ध्यानात असू द्या.

आता पुन्हा त्या भगिनीच्या घरात जाऊ. धर्माच्या रकान्यात "बौद्ध" लिहावयाचे, हे झाले. जातीच्या रकान्यात काय? येथे अनेकांचे मन बंड करून उठते. जात टाकली म्हणून तर दीक्षा घेतली, मग ती पुन्हा लिहावयाची? हा प्रश्न मला स्वतःला कित्येक वर्षे टोचत आला आहे आणि त्याचे पूर्ण सुखाचे उत्तर मजजवळ नाही. एवढेच सांगतो की, यादीत नावे आहेत ती जातींची. "नवबौद्ध" ही अनुसूचीतील जात नव्हे. तेवढाच शब्द लिहिलेला कागद केंद्राच्या नोकरीसाठी नेला तर मुलगा परत पाठविला जाण्याचा संभव आहे. म्हणून धर्म बौद्ध आणि पूर्वीची जात, म्हणजे महार, मांग, चांभार जी असेल ती, अशी दोन्ही नोंद असलेला दाखला घ्यावा. ती नोंद आपली ओळख नव्हे. जखम कोठे झाली होती त्याचा तो पंचनामा आहे. पंचनाम्यावर सही केल्याने मार खाल्ला याची लाज वाटावयास नको.

दाखला उपविभागीय अधिकाऱ्यांच्या कचेरीतून मिळतो, आणि त्याची तपासणी जात पडताळणी समिती करते. अनुसूचित जातींच्या बाबतीत महाराष्ट्रात १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा रहिवास व जात दाखविणारा पुरावा मागतात. म्हणजे ज्या आदेशाने आपणांस बाहेर ठेवले, त्याचीच ती तारीख. आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला, जन्ममृत्यूच्या नोंदवहीचा उतारा, कोतवाल बुकातील नोंद, जमीन असल्यास तिचा जुना उतारा, यांपैकी जे हाती लागेल ते जपून ठेवा. जुन्या कागदावर "हिंदू महार" आहे म्हणून रागाने फाडू नका. तो फाडला तर मुलाचा हक्क फाटेल. ज्या घरांत म्हातारी माणसे आहेत त्यांनी त्यांना विचारून गावाचे, तालुक्याचे नाव आजच लिहून घ्यावे.

व्याख्यान संपल्यावर सरणत्तय होईल. त्यानंतर मी व विहाराचे कार्यवाह येथेच बसणार आहोत. अर्जांचे नमुने आणलेले आहेत. ज्यांनी कागद बरोबर आणले असतील त्यांनी थांबावे, आणि ज्या भगिनीने प्रश्न विचारला त्यांनी सर्वांत आधी यावे.

जय भीम.